खरेदीखत नोंदवलं, मग जमीन आपलीच ना?

तुम्ही विचारलंत म्हणून सांगतो. प्रश्न बहुतेक वेळा असा येतो: 'सातबारा खाजगी मालकाचा आहे, फक्त बांधाला लागून राखीव जंगल आहे. दुय्यम निबंधकाने खरेदीखत नोंदवून घेतलं की काळजी मिटली ना?' रायगड, ठाणे, मावळ, मुळशी या पट्ट्यात जमीन घेणारा प्रत्येक जण हे विचारतो.

नाही मिटली. निबंधक दस्त नोंदवतो, मालकी ठरवत नाही. विकणाऱ्याने आधीचं मालकीपत्र दाखवल्याशिवाय दस्त नोंदवू नये, असा तमिळनाडूचा एक नियम होता. मालकी तपासणं निबंधकाच्या अधिकारात बसत नाही, म्हणून सर्वोच्च न्यायालयाने एप्रिल 2025 मध्ये तो रद्द केला. तेव्हा दस्त विनातक्रार नोंदला गेला, यावरून जमिनीबद्दल काहीच सिद्ध होत नाही. उलट निबंधक 'होणार नाही' म्हणाला, तर तोंडी नकारावर परत फिरू नका. नोंदणी कायद्याच्या कलम 71 खाली कारणांसह लेखी आदेश मागा. त्यावर कलम 72 प्रमाणे 30 दिवसांत जिल्हा निबंधकाकडे अपील करता येतं.

खरी गोम सातबाऱ्याच्या 'इतर हक्क' रकान्यात असते. तिथे 'खाजगी वन' किंवा 'राखीव वने' असा शेरा दिसला, तर त्याखालच्या फेरफाराचा, म्हणजे सातबाऱ्यातल्या बदलाच्या नोंदीचा, नंबर टिपून घ्या. महाराष्ट्र खाजगी वने (संपादन) अधिनियम, 1975 हा 30 ऑगस्ट 1975 पासून लागू झाला आणि त्या दिवशी खाजगी वनं सरकारजमा झाली. खाजगी जंगलाच्या वापरावर बंधन का घालू नये, असं मालकाला विचारणारी नोटीस भारतीय वन अधिनियमाच्या कलम 35(3) खाली ज्या जमिनींबाबत निघाली होती, त्याही 'खाजगी वना'च्या व्याख्येत आल्या. अशा कित्येक नोटिसा 1950 च्या दशकातल्या. पण शेरा अनेक ठिकाणी त्यानंतर कित्येक वर्षांनी चढला, तोवर जमीन दोन-तीन हातांतून गेलेली.

नोटीस नुसती निघाली की मालकाला बजावलीही गेली, यावर इथलं निम्मं भांडण आहे. विक्रोळीच्या जमिनीबाबत गोदरेज अँड बॉइस विरुद्ध महाराष्ट्र शासन या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने 30 जानेवारी 2014 रोजी मालकाच्या बाजूने निकाल दिला. नोटीस मालकापर्यंत पोचायला हवी. कागदावर काढून दशकानुदशकं पडून राहिलेल्या नोटिशीच्या बळावर जमीन सरकारची होत नाही, असा त्याचा अर्थ. म्हणून वनखात्याकडे माहितीच्या अधिकारात नोटिशीची प्रत, बजावणीचा पुरावा आणि ताबा घेतल्याचा पंचनामा, हे तिन्ही मागा. राजपत्राची प्रत म्हणजे बजावणी नव्हे. पण निकाल आहे म्हणून शेरा आपोआप उडत नाही. जमीन खाजगी वन आहे की नाही, याचा निर्णय याच कायद्याच्या कलम 6 खाली जिल्हाधिकारी देतात. तो आदेश विकणाऱ्याच्या हातात हवा, तुमच्या आशेत नको.

दुसरा बचाव लागवडीचा. 30 ऑगस्ट 1975 ला जमीन कायदेशीररीत्या कसली जात होती, तर जमीनधारणेच्या कमाल मर्यादेपर्यंत ती सरकारजमा होण्यातून वगळली जाते. त्यासाठी 1974-75 आणि 1975-76 चा गाव नमुना 12, म्हणजे पीकपाहणी, काढा. तिथे नाचणी-वरी असेल तर मुद्दा उभा राहतो. नुसतं 'गवत पड' असेल तर लंगडतो. तिसरी वाट याच कायद्याच्या कलम 22अ ची: छोट्या धारकाला 12 हेक्टरच्या मर्यादेत जमीन परत मिळू शकते. 'परत मिळाली आहे' असं कुणी म्हणालं, तर आदेशाचा क्रमांक आणि त्यातल्या अटी वाचा.

शेराच नसेल तर? तरी हद्द उरतेच. आणि इथे 'पैकी' हा एक शब्द माणसाला कोर्टाची पायरी चढायला लावतो. राजपत्रात 'सर्व्हे नंबर अमुक पैकी' एवढंच असतं, म्हणजे त्या नंबराचा काही भाग वन, पण नेमका कोणता ते कळत नाही; तुमच्या सातबाऱ्यावर एकत्रीकरणानंतरचा गट नंबर. दोन्हींची सांगड गटाच्या जोडपत्रकाशिवाय, म्हणजे जुना सर्व्हे नंबर कोणत्या गटात गेला हे दाखवणाऱ्या कागदाशिवाय, लागत नाही. जोडपत्रक, जुन्या मोजणीचं टिपण, गाव नकाशा आणि वनखात्याचा वनखंडाचा नकाशा एकत्र ठेवून बघा. मग भूमी अभिलेख कार्यालयाकडे मोजणीचा अर्ज करा आणि लगतधारक म्हणून वनखात्याचं नाव त्यात न चुकता घाला. त्यांना नोटीस न देता केलेली मोजणी पुढे वादात टिकत नाही. मोजणीच्या दिवशी वनखात्याचा सर्व्हेअर हजर असावा आणि हद्दीचे दगडी बुरूज दोघांच्या नकाशावर एकाच जागी यावेत. दलालाने लावलेले चुन्याचे दगड हद्द म्हणून धरू नका; ते एका रात्रीत सरकतात.

दस्तानंतर फेरफार धरला की हितसंबंधितांना नोटिसा जातात, हरकतीला 15 दिवस असतात. वनखात्याने हरकत घेतली की नोंद तक्रारी नोंदवहीत जाते आणि सुनावणी लागते. आदेश विरुद्ध गेला तर प्रांताधिकाऱ्याकडे 60 दिवसांत अपील. म्हणून पैसे सगळे दस्ताच्या दिवशी देऊ नका. इसारातच लिहून घ्या की मोठा हप्ता फेरफार प्रमाणित झाल्यावर दिला जाईल.

आणि रस्ता बघा. जमिनीपर्यंत जाणारी जीपवाट जंगलातून जात असेल, तर वर्षानुवर्षं गाड्या गेल्या म्हणून ती तुमची होत नाही. राखीव वन घोषित होताना वनजमाबंदी अधिकाऱ्याने (लोकांचे जंगलातले हक्क तपासून ठरवणाऱ्या अधिकाऱ्याने) तो वाटेचा हक्क मान्य करून नोंदवला होता का, एवढंच तिथे विचारलं जातं. नोंद नसेल, तर भाव ठरवताना त्या जमिनीला रस्ता नाही असंच धरा.