आमची वाटचाल : बारा मायक्रॉनची गोष्ट

1994 साली भोसरी एमआयडीसीत अर्धा गाळा भाड्याने घेतला, त्यात एक जुना बटाला लेथ (धातू फिरवून कापायचं मशीन) टाकला आणि आम्ही दोघांनी सुटे भाग बनवायला सुरुवात केली. पार्टनर मशीनवर, मी स्कूटरवर: माल आणा, पोचवा, वसुली करा. पुढे दोन ट्रॉब (ऑटोमॅटिक लेथ) आले, मग कर्जावर पहिला सीएनसी, म्हणजे कॉम्प्युटरवर चालणारा लेथ. हे सगळ्यांचंच असतं. सांगायचं आहे ते 2009 चं.

2008 च्या दिवाळीनंतर गाड्यांची मागणी बसली होती, मोठ्या कंपन्या ब्लॉक क्लोजर घेत होत्या, म्हणजे काही दिवस कारखानाच बंद. अशात आमच्या सगळ्यात मोठ्या गिऱ्हाइकाकडून 20 मिलिमीटरच्या पिनांचा 6,200 नगांचा लॉट परत आला. टॉलरन्स, म्हणजे मापात चालणारा फरक, अधिक-उणे 15 मायक्रॉन; मायक्रॉन म्हणजे मिलिमीटरचा हजारावा भाग. डेबिट नोट (बिलातून पैसे कापल्याची) तर लागलीच, वर सॉर्टिंगही आम्हीच त्यांच्या आवारात करायचं. तीन दिवस पत्र्याखाली बसून चौघं प्रत्येक पिनेला स्नॅप गेज (माप हद्दीत आहे का बघायचं हत्यार) लावत होतो. त्याच आठवड्यात शेजारच्या गाळेवाल्याने नगामागे 40 पैसे कमी लावून तो जॉब उचलला. नाव घेत नाही. रोज चहाला आमच्याकडेच असायचा.

एका रात्री पार्टनरने शंभर नग मोजून ग्राफपेपरवर ज्याच्या त्याच्या मापावर फुल्या मारल्या. एक टेकडी यायला हवी, आल्या दोन, मधे खिंड. मशीन एकच, बारही एकाच हीटचा, म्हणजे भट्टीच्या एकाच ओतातला. मग ट्रेवरच्या चिठ्ठ्या बघून दिवसपाळी आणि रात्रपाळी वेगळी केली, तर दुसरी टेकडी पूर्ण रात्रपाळीची. रात्रपाळीचा मायक्रोमीटर (जाडी मोजायचं हत्यार) पुसून मिटवला, रॅचेट फिरवलं. शून्याऐवजी उणे 12 मायक्रॉन! कधीतरी पडला असणार, आणि ज्याच्या हातून पडला त्याने गुपचूप डब्यात ठेवला. तो कमी दाखवायचा, म्हणून ऑपरेटर बिचारा इमानदारीने नग तेवढाच जाड काढायचा. झिरो बघायला पाच सेकंद लागतात हो. पाळी बदलताना बघत जा.

त्यानंतर मशीनवर कंट्रोल चार्ट लावला. दर तासाला सलग पाच नग, त्यांची सरासरी आणि रेंज, म्हणजे पाचातल्या सगळ्यात जाड आणि सगळ्यात बारीक नगातला फरक. संख्याशास्त्रज्ञ शेवार्टने हा चार्ट 1924 साली अमेरिकेत मांडला, 1947-48 ला तो स्वतः भारतातही येऊन गेला. आमच्या गाळ्यात पोचायला मात्र चार्टला 2009 उजाडलं.

पहिल्याच आठवड्यात सरासरी रेंज 11 मायक्रॉन आली. कारण आमचे टर्नर मामा. एक नग दोन मायक्रॉन जाड आला की ऑफसेट (मशीनमधली टूलची जागा) उणे दोन, पुढचा बारीक आला की अधिक दोन. तीस वर्षांचा हात, त्यांना कोण सांगणार? पार्टनरच म्हणाला, "मामा, ठिपका रेषेबाहेर गेल्याशिवाय बटणाला हात लावायचा नाही." मामा दोन दिवस बोलले नाहीत. रेंज 8 वर आली. आठ गुणिले 0.577 (पाच नगांच्या गटासाठी ठरलेला गुणक), म्हणजे सरासरीच्या चार्टवरच्या हद्दीच्या रेषा वर-खाली साधारण साडेचार मायक्रॉनवर. ड्रॉइंगच्या 15 च्या रेषा या चार्टवर ओढू नका. सरासरीच्या चार्टवर त्यांचं काम नाही, नुसता खोटा धीर मिळतो. आणि ऑडिटच्या आदल्या रात्री एकाच पेनने महिन्याचे चार्ट भरणाऱ्यांशी मी बोलत नाहीये. शेजाऱ्याचे चार्ट असेच कोरे करकरीत असायचे, त्याला त्याच गिऱ्हाइकाने क्वालिटीची ढाल दिली. आमच्या चार्टवर कूलंटचे डाग.

त्या वर्षी तारलं ते कोल्हापूरच्या एका पंपवाल्याने. दर महिन्याला शाफ्टची ऑर्डर, पैसे माल उतरताच. मी हौसेने चार्ट पाठवला तर फोन आला, "साहेब, कागुद नगं, शाफ्ट पाठवा की." तरी मी आजही प्रत्येक खोक्यात चार्ट घालतो. परवा गेलो तेव्हा दिसलं, स्टोअरमधल्या पोराने ते सगळे तारेला ओवून ठेवलेत.

नंतरची वर्षं धंदा नीट चालला. पिनांच्या त्या गिऱ्हाइकाकडून 2012 ला पुन्हा फोन आला: शेजाऱ्याचा लॉट अडकलाय, द्याल का? मी जुना दर लावला, 40 पैशांसकट. ऑर्डर आली नाही. कोटेशनची कॉपी त्या ग्राफपेपरच्याच फाईलला लावून ठेवली आहे.