टेम्पो आधी आतून भरायचा

मृग लागायच्या आदल्या दिवशी वादळी पाऊस आला आणि आमच्या वाडीतला एक खांब आडवा झाला. लाईट गेली ती तिसऱ्या दिवशी आली. मोबाईलने पहिल्याच संध्याकाळी मान टाकली. टॉवरही बंद, त्यामुळे फोन चालू असता तरी काय उपयोग होता म्हणा. घरात दोनच वस्तू शाबूत होत्या, बाबांची विजेरी आणि माझा आयपॉड, म्हणजे ॲपलचा जुना गाणी वाजवणारा प्लेअर.

देवगडात अजून आयपॉड वापरणारी मी एकटीच असेन. मुंबईच्या मामेभावाला तो टाकून द्यायचा होता, मी म्हटलं माझ्याकडे टाक. 2005 च्या ऑक्टोबरमध्ये निघालेलं पाचव्या पिढीचं मॉडेल, 30 जीबीचं. व्हिडिओ चालणारा पहिला आयपॉड तो हाच. माझ्या हातात आला तेव्हा आतली हार्ड डिस्क पालीसारखी चुकचुकत होती आणि कडेचे बारके स्क्रू खाऱ्या हवेने खाल्ले होते. आमच्याकडे समुद्र दिसत नसला तरी त्याची हवा कपाटातल्या सुयांपर्यंत पोचते. म्हणून आयपॉडचा मुक्काम तांदळाच्या डब्यात असतो. आई महिन्यातून एकदा तरी विचारते, "ह्या शिजवचा आसा काय?"

तो उघडायचा प्रसंग मात्र विसरणार नाही. कव्हर फक्त खाचांवर बसलेलं असतं. जुन्या सिमकार्डाचा तुकडा घालून कडेकडेने सरकत गेलं की ते सुटतं. खरी मेख त्यानंतर आहे. बॅटरी आणि हेडफोनचं भोक दोन्ही पाठीमागच्या पत्र्याला असतात आणि कागदासारख्या पातळ पट्ट्यांनी पुढच्या भागाला जोडलेले असतात. डब्याचं झाकण काढावं तसं खसकन उघडलं की पट्टी फाटलीच. माझी फाटली. पट्टी पुण्याहून मागवली, बॅटरी नवी घातली, हार्ड डिस्क काढून तिथे ॲडॉप्टरवर मेमरी कार्ड बसवलं. आता त्याला चुकचुकण्यासारखं काही उरलेलंच नाही. एकदा चार्ज केला की तो कितीतरी दिवस विचारत नाही.

आणि त्यात रॉकबॉक्स आहे. ज्यांना ठाऊक नाही त्यांच्यासाठी सांगते. कंपनीने प्लेअरमध्ये जे सॉफ्टवेअर घालून दिलेलं असतं, त्याच्या जागी बसवायचं हे मोफत, खुलं सॉफ्टवेअर. 2001 च्या अखेरीस काही स्वीडिश मंडळींनी आर्कोस नावाच्या प्लेअरसाठी ते सुरू केलं. त्यांतले एक डॅनियल स्टेनबर्ग, इंटरनेटवरून माहिती आणणारं 'कर्ल' हे सॉफ्टवेअर बनवणारे. पुढे आयपॉड, सॅनडिस्क, आयरिव्हर असे कितीतरी प्लेअर त्यात आले. मूळ सॉफ्टवेअर पुसलं जात नाही, होल्डचं बटण सरकवून चालू केलं की जुनं घर जसंच्या तसं समोर येतं. एकच अट, आयपॉड विंडोजच्या पद्धतीने, म्हणजे फॅट32 मध्ये फॉरमॅट केलेला हवा. मॅकवर फॉरमॅट केलेला असेल तर आधी ते निस्तरा.

ॲपलनेही 2006 मध्ये याच आयपॉडसाठी गेम विकायला काढले होते, पॅकमॅन, टेट्रिस वगैरे, 4.99 डॉलरला एक. पण ते कुलूपबंद. खेळा आणि गप्प बसा. रॉकबॉक्समध्ये मात्र गेम म्हणजे एकेक सुटी फाईल. राक्षसांना गोळ्या घालायचा डूमसुद्धा चालतो. त्याचा पहिला भाग मुळातच फुकट वाटलेला होता, ती फाईल योग्य फोल्डरमध्ये टाकली की झालं, आणि लोकांनी बनवलेले नकाशे 'ॲडऑन्स' फोल्डरमध्ये टाकले की तेही उघडतात. मामेभाऊ सुट्टीत येतो तेव्हा तेवढंच खेळतो. मला अडीच इंचांत राक्षस मारण्यात रस नाही.

माझा जीव अडकलाय सोकोबानमध्ये.

हिरोयुकी इमाबायाशी या जपानी माणसाने बनवलेला हा खेळ, 1982 मध्ये बाजारात आला. सोकोबान म्हणजे वखारीचा राखणदार. एक वखार, त्यात खोकी, आणि जमिनीवर खोकी ठेवायच्या खुणा. राखणदाराने खोकं ढकलायचं, ओढायचं नाही, आणि एका वेळी एकच. बस. पहिल्यांदा खेळले तेव्हा मनात एकच आलं, अरे, हा तर आमचा मांगर!

ज्यांनी एप्रिल-मेमध्ये हापूसचा मांगर, म्हणजे आंब्याचा माल ठेवायची शेड, पाहिलेली नाही त्यांना काय सांगू. दारापासून मागच्या भिंतीपर्यंत पेट्या. एका बाजूला पेंढ्यावर पिकत घातलेल्या आंब्यांची आढी, दुसऱ्या बाजूला फळं निवडून डझनावारी लावणं चाललेलं, मध्ये चालायला जेमतेम एका माणसाची वाट. रात्री टेम्पो लागतो, माल रातोरात वाशीच्या बाजाराला निघतो. या वाटेत कोणी पेटी भलतीकडे ठेवली तर बाबांच्या तोंडून जे निघतं ते इथे लिहिण्यासारखं नाही.

रॉकबॉक्सच्या सोकोबानची गंमत अशी की त्याच्या पातळ्या, म्हणजे लेव्हल, साध्या टेक्स्ट फाईलमध्ये असतात. प्रोग्रामिंग नको, काही नको. # म्हणजे भिंत, @ म्हणजे माणूस, $ म्हणजे खोकं, टिंब म्हणजे खूण, मोकळी जागा म्हणजे जमीन. नोटपॅड उघडा आणि वखार बांधा. एक पातळी संपली की एक ओळ सोडून दुसरी. इतक्या वर्षांत मी आयटीत जे शिकले त्यातलं काहीही इथे लागत नाही, याचं मला फार बरं वाटलं.

मी बनवलेली पहिली पातळी ही:

    ###########
    #     #####
    # $ $   ..#
    #@    #####
    ###########

डावीकडे मांगर, उजवीकडे बोळ. बोळ म्हणजे टेम्पोचा हौदा. दोन पेट्या, दोन खुणा, पोरखेळ. त्यानंतरच्या पातळ्या मी इतक्या उत्साहाने बनवल्या की एकीत पेट्या तीन आणि खुणा दोनच टाकल्या, आणि अर्धा तास स्वतःच्याच मूर्खपणाशी झुंजत बसले. दुसऱ्या एका पातळीची मजा वेगळीच. ती मैत्रिणीला व्हॉट्सॲपवर पाठवली तर तिच्या फोनवर सगळ्या भिंती तिरक्या, कारण तिथल्या अक्षरांची रुंदी सारखी नसते. तिचं उत्तर आलं, "तुमचं घर वादळात पडलं का गं?"

तर त्या काळोख्या रात्री मी ओटीवर बसून हेच खेळत होते. बाबा विजेरी घेऊन आले.

"काय गो, काळोखात डोळे कित्याक फोडतंस?"

मी दाखवलं. म्हटलं, हा आपला मांगर, ह्या पेट्या, हा टेम्पो. त्यांनी चष्मा वर केला, खाली केला.

"ओढूक येणा नाय?"

"नाय. फक्त ढकलायचं."

"मगे हो कसलो गडी!"

पण आयपॉड हातातून काढून घेतलाच. त्यांची बोटं सगळा सीझन आंब्याचा चीक लागून काळी पडलेली, वर पावसाची ओल. ओल्या बोटाने आयपॉडचं चाक फिरत नाही, ते स्पर्शावर चालतं. पण चारी बाजूंची बटणं दाबली की चालतात. मेनू म्हणजे वर, प्ले म्हणजे खाली, बाकी दोन डावी-उजवी. सोकोबानला एवढंच लागतं. मी फक्त तेवढं सांगितलं.

मी स्वतः ती पातळी पहिल्यांदा खेळले तेव्हा, बनवणारी मीच असूनही, उजवीकडची पेटी बोळात ढकलली आणि पहिली खूण आली तशी तिथेच सोडून दिली. खुणेवर बसली ना! मग दुसरी आणली, तर ती पहिलीला टेकून अडकली. दोन पेट्या एकदम ढकलता येत नाहीत आणि बोळात पुढून जायला वाट नाही. बाबांना मी हे काही बोलले नव्हते. मुद्दामच. ते कुठे अडकतात ते मला बघायचं होतं.

त्यांनी पेटी पहिल्या खुणेवर नेली, थांबले नाहीत, आणखी एक दाबून आतल्या खुणेला लावली. मग मागे येऊन दुसरी. झालं. मी बघतच राहिले.

"टेम्पो आधी आतसून भरूचो," ते म्हणाले. "इतक्या वर्सांत इतक्या पण शिकलंस नाय?"

मग काय, आयपॉड त्यांच्याकडेच. मूळ फाईलमधल्या पातळ्याही ते खेळले. त्या काही सोप्या नाहीत. पण त्यांची नजर खेळाडूची नाहीच, त्यांना आधी रिकामी जागा दिसते. पेटी हलवायच्या आधी दोन मिनिटं नुसते बघत बसायचे, मांगरात बसतात तसे, तंबाखू मळत. एकदा पेटी कोपऱ्यात गेली. मी सांगणार होते की मधलं बटण दाबलं की एक पाऊल मागे जाता येतं, तोवर त्यांनीच निकाल दिला, "ही आता मेल्यार भायर येवची नाय." मागे जायची सोय दाखवली तर हसले. "बाजारात तसा असता तर!"

लाईट आली त्या दिवशी मला दुसरं खूळ लागलं. नकाशे आमचे, पण खोकी मात्र परकी. ती पेटीसारखी का दिसू नयेत? इथे मात्र नोटपॅड पुरत नाही. चित्रं गेमच्या फाईलच्या आतच बांधलेली असतात. ती बदलायची तर रॉकबॉक्सचा सगळा सोर्स, म्हणजे मूळ कोड, उतरवा, त्या कोडचं आयपॉडच्या प्रोसेसरला कळेल असं रूप करणारा कंपायलर आपल्या कॉम्प्युटरवर बनवा, चित्रांची बीएमपी फाईल बदला, आणि सगळं पुन्हा बांधा. कंपायलर बनवून देणारी स्क्रिप्ट त्यांनीच दिलेली आहे, पण माझ्या लॅपटॉपवर ती दुपारभर चालली. मध्ये एकदा लाईट गेली. ते धरलेलंच होतं.

चित्र काढायला मजा आली. नखापेक्षा लहान चौकोन. त्यात फळ्यांच्या चार रेघा, मधून डोकावणारा पेंढ्याचा पिवळा ठिपका. माणसाला मी निळी लुंगी दिली, ती तीन पिक्सेलांची. आधी सगळं कॉम्प्युटरवरच्या सिम्युलेटरमध्ये, म्हणजे नकली प्लेअरवर, चालवून पाहिलं. दिसायला झकास. मग गेमची तेवढी एक फाईल आयपॉडवर टाकली, मोठ्या ऐटीत उघडली, आणि समोर आलं, 'इनकम्पॅटिबल व्हर्जन'.

तासभर मी चित्रात चूक शोधत होते. चूक चित्रात नव्हतीच. आयपॉडवरचं रॉकबॉक्स दोन वर्षांपूर्वीचं आणि मी बांधलेला गेम आजच्या सोर्समधला. दोन्ही एकाच घाण्यातून निघालेले नसतील तर ते एकमेकांना ओळखच देत नाहीत. त्यामुळे सुटी फाईल नाही, बांधलेली अख्खी झिप आयपॉडवर उलगडायची. तसं केलं आणि पेट्या आल्या. कोणी या वाटेने जाणार असाल तर माझा तो तास वाचवा. आणखी एक, झिप उलगडण्याआधी आपली पातळ्यांची फाईल बाजूला ठेवा. मूळ फाईल तिच्यावर बसली तर आपला मांगर गेला. माझ्या पाच पातळ्या अशाच गेल्या. त्यांतल्या दोन बऱ्या होत्या, बाकीच्या गेल्या ते ठीकच.

बाबांना नवं रूप दाखवलं. पेट्यांकडे त्यांनी पाहिलंही नाही.

"ह्यो मानूस कोण? टोपी खंय ह्येची?"

टोपी दिली. दोन पांढरे पिक्सेल.

परवा त्यांनी आंबा विक्रीच्या जुन्या हिशोबपट्टीच्या मागच्या कोऱ्या बाजूला पेनाने मांगर काढून दिला, खरा, मापाने. दार कुठे, मधला खांब कुठे, आढी कुठे. म्हणाले, ह्यो घाल. मी चौकोनाचौकोनाने तो टाईप करायला बसले. खांबाला #, आढीलाही #, कारण आढीवर कोणी पाय देत नाही. सगळं बसलं, पण मागच्या डाव्या कोपऱ्यात त्यांनी एक पेटी काढली होती, दोन्ही बाजूंनी भिंतीला चिकटलेली.

म्हटलं, बाबा, कोपऱ्यातली पेटी निघत नाही, तुम्हीच सांगितलंत. ही इथे ठेवली तर पातळी कधी सुटणारच नाही.

"ती हलवूची नाय," ते म्हणाले. "ती हिशोबाची."

खरंच की. आजोबांच्या वेळची लाकडी पेटी, आत वह्या, पावत्या, वर काट्याची जुनी वजनं. माझ्या जन्मापासून ती तिथेच आहे. तिला भिंत कसं करू? आणि $ केलं तर खेळ अडतो.

मग आठवलं, आणखी एक खूण असते, मी कधी वापरलेली नव्हती. खुणेवर आधीच बसलेलं खोकं. कोपऱ्यात * टाईप केलं, फाईल साठवली आणि आयपॉड त्यांच्या हातात दिला.