आवाज येतो, पण कळत नाही

साउंडबार (टीव्हीखाली ठेवायचा लांबट स्पीकर) परत करायची मुदत दुसऱ्या दिवशी संपत होती, म्हणून काकूंनी मला दुकान उघडायच्या आधीच फोन केला. "तू फक्त येऊन सांग, ठेवायचा की परत पाठवायचा. मुलाने बंगळूरहून हौसेने मागवलाय, त्याला काय सांगू?"

कोथरूडमधली जुनी सोसायटी, तिसरा मजला, लिफ्ट नाही. या घरचा टीव्ही मीच भिंतीवर लावून दिलेला, त्यामुळे घर ओळखीचं. दार उघडल्या उघडल्या काकांनी तक्रार मांडली. "टीव्हीच्या स्वतःच्या आवाजात निदान बातम्या तरी समजायच्या. हा डबा आल्यापासून आवाज येतो, पण बोललेलं कळत नाही. वाढवला की नुसतं धाडधाड." काकू म्हणाल्या, हे आवाज वाढवतात म्हणून खालच्या वहिनी दोनदा वर येऊन गेल्या, त्यांच्या मुलीचं बारावीचं वर्ष आहे.

माझे कान टवकारले ते काकांच्या त्या पहिल्या वाक्याला. आजकालच्या पातळ टीव्हीत स्पीकर ठेवायला जागाच नसते. ते खाली नाहीतर मागे तोंड करून बसवतात आणि आवाज भिंतीवर आपटून आपल्यापर्यंत येतो. त्यामुळे कुठलाही बरा साउंडबार लावला की पहिला फरक बोलण्यातच जाणवतो. "विशेष फरक नाही" असं म्हणणारे बरेच भेटतात. "आधीपेक्षा वाईट झालं" असं म्हणणारं गिऱ्हाईक क्वचित.

माल म्हणाल तर सहा-सात हजारांतला नेहमीचा. २.१ म्हणजे तीनेक फुटांचा बार, त्यात डाव्या-उजव्या बाजूला छोटे छोटे स्पीकर आणि सोबत खर्जासाठी साडेसहा इंची सबवूफरची पेटी. खोक्यावर मोठ्या अक्षरांत १६० वॉट. मी पेटी उलटी करून मागचं लेबल वाचलं, तर विजेचा वापर ५० वॉट. भिंतीतून पन्नास घेणारी वस्तू स्पीकरला सलग एकशेसाठ देणार कुठून? ढोलाच्या एका ठोक्यापुरती उसळी मारता येते, कारण आतल्या कपॅसिटरमध्ये थोडा साठा असतो, पण तेवढंच. पुण्याच्या तपकीर गल्लीत मी काम शिकलो तेव्हा मुठीएवढ्या स्पीकरच्या टेपवर 'पीएमपीओ १००० वॉट' (म्हणजे क्षणभराच्या उसळीचा फुगवलेला आकडा) असे स्टिकर असायचे. ते शब्द गेले, सवय राहिली. तसं घाबरायचं कारण नाही. वॉट दुप्पट केले तरी आवाज फक्त ३ डेसिबलने वाढतो आणि दहा फुटी हॉलमध्ये पन्नास वॉटसुद्धा रगड झाले.

ऐकायला बसलो. दुकानात डेमोला लावतात ती हेलिकॉप्टरं आणि स्फोट मी कधी लावत नाही. स्फोट कसा वाजायला हवा हे कुणालाच माहीत नसतं, त्यामुळे तो नेहमी छानच वाटतो. मी लावतो बातम्या आणि पखवाजाच्या साथीचा अभंग. पखवाजाच्या डाव्या पुडीला कणीक लावलेली असते, तिचा आवाज खोल, गोल आणि हातागणिक थोडा वेगळा. उजवीकडची शाईची पुडी सुरात बोलते (शाईमुळे भारतीय तालवाद्यांत सुरेल उपस्वर कसे येतात, यावर सी. व्ही. रामन यांनी १९२० मध्ये लिहिलं होतं, हे मला फार उशिरा समजलं). वरून टाळ. म्हणजे एकाच गाण्यात खालचं, मधलं, वरचं, सगळं तपासून होतं. आणि पखवाज आपण मांडवात बसून ऐकलेला असतो, तो खोटा वाजला की कान लगेच सांगतात.

इथे तो खोटा वाजत होता. डाव्या पुडीची प्रत्येक थाप एकाच सुरात, रिकाम्या पिंपावर हात मारल्यासारखी. टाळ बरे होते. गायकाचा आवाज मात्र अर्धा टीव्हीखालून आणि अर्धा उजव्या कोपऱ्यातून येत होता.

उजव्या कोपऱ्यात, कपाट आणि भिंत यांच्या बेचक्यात, सबवूफर बसवलेला. डिलिव्हरीच्या मुलाने जागा दिसली तिथे ठेवला, त्याचा दोष नाही. पण कोपऱ्यात खर्ज फुगतो. त्यात या हॉलची रुंदी दहा फूट आणि उंची साडेनऊ. आवाजाचा वेग सेकंदाला साधारण ३४३ मीटर, त्या हिशेबाने दहा फुटांत ५६ हर्ट्झला लाट उभी राहते, म्हणजे तेवढाच सूर खोलीत घुमत राहतो, आणि साडेनऊ फुटांत ५९ ला. दोन्ही जवळजवळ एकाच जागी. फोनवरच्या टोन जनरेटरने मी २०० हर्ट्झपासून हळूहळू खाली आलो. सत्तरपर्यंत ठीक, साठच्या खाली सरकताच कपाटाची काच थरथरायला लागली आणि काकू स्वयंपाकघरातून बाहेर आल्या. चाळीसला जवळपास शांतता. खोक्यावर मात्र '४० हर्ट्झपासून' छापलेलं.

हा खर्ज नुसता कानाला त्रास देत नाही, तो बोलणं खातो. खालचे सूर मोठे झाले की त्यांच्यावरचे बारीक आवाज झाकले जातात, उलटं सहसा होत नाही. काका आवाज वाढवत होते शब्दांसाठी आणि वाढत होती ती धडधड. खालच्या वहिनींनी फोनवरच्या अॅपमध्ये आवाज मोजून पाहिला होता. निवासी भागात रात्री दहा ते सकाळी सहा ४५ डेसिबलची मर्यादा आहे आणि त्यांचा आकडा त्याच्या आतच आला. तेव्हापासून आपलाच वहीम की काय असं त्यांना वाटत होतं. वहीम नव्हता. नियमातली मोजणी 'ए' पट्टीने होते आणि तीत ६३ हर्ट्झच्या आवाजातून तब्बल २६ डेसिबल वजा धरले जातात. आकडा लहान दिसतो, छत गुरगुरतच राहतं.

सबवूफर कोपऱ्यातून काढून टीव्हीच्या युनिटशेजारी, भिंतीपासून हातभर पुढे आणला. या स्वस्त बारमधले स्पीकर इतके छोटे असतात की साधारण १५० हर्ट्झच्या खालचं सगळं पेटीकडे ढकललेलं असतं, म्हणजे पुरुषाच्या आवाजाचा तळसुद्धा. म्हणून पेटी बारजवळच हवी, नाहीतर निवेदक टीव्हीत आणि त्याची छाती कपाटामागे. खाली वॉशिंग मशीनचे रबरी पॅड दिले, लेव्हल निम्म्याहून खाली आणली. पखवाज पुन्हा लावला. एकदम मैफिलीतला झाला असं नाही, पण दोन थापांत फरक कळू लागला.

आता बातम्या. काका पुढे सरकून बसले, निवेदिकेकडे टक लावून. थोड्या वेळाने मान हलवली. "नाही. काहीतरी चुकतंय."

चुकत होतं ते मला तिच्या तोंडाकडे बघितल्यावर दिसलं. ओठ मिटून उघडले की त्यानंतर 'प' ऐकू यायचा. बार टीव्हीला ब्लूटूथने जोडला होता! वायर नको म्हणून हल्ली सगळे हेच करतात. ब्लूटूथमध्ये आवाज आधी दाबून बांधायचा, पाठवायचा, तिकडे सोडवायचा, यात सहज दीड-दोनशे मिलिसेकंद जातात. चित्राच्या मागे आवाज सव्वाशे मिलिसेकंदांच्या आसपास पडला की माणसाला ते जाणवायला लागतं. गाण्यांना चालतं, बोलण्याला नाही.

टीव्हीला एचडीएमआयची तीन तोंडं, त्यांतल्या एकावरच 'एआरसी' (टीव्हीचा आवाज बाहेर पाठवणारं तोंड) लिहिलेलं आणि नेमका तिथे सेट-टॉप बॉक्स. तो दुसरीकडे हलवला, माझ्या पिशवीतली केबल एआरसीला लावली (बारच्या खोक्यात केबल दिलेलीच नव्हती), टीव्हीच्या सेटिंगमध्ये डिजिटल आउटपुट पीसीएम, म्हणजे न दाबलेला साधा आवाज, केलं. आवाज ओठांवर येऊन बसला. शिवाय टीव्हीच्याच रिमोटने बार कमी-जास्त होऊ लागला, काकूंना सगळ्यात जास्त आनंद त्याचा.

काका खूश. "आता कशी स्वच्छ बोलतेय!" मी पिशवी आवरायला घेतली, इतक्यात मालिकेची वेळ झाली म्हणून काकूंनी चॅनेल बदललं. सासू कॅमेऱ्याकडे बघून बोलली, ते काकांना कळलं. पाठ करून बोलली, तर काकांनी विचारलं, "काय म्हणाली?" सुनेचा चेहरा दिसत असताना सासू बोलली, पुन्हा "काय म्हणाली?" काकूंना शब्दन्‌शब्द कळत होता. मलाही.

मी विचारलं, "काका, ते साउथचे डब केलेले सिनेमे बघता का?"

"छे, त्यातलं अक्षर कळत नाही. ती डबिंगच वाईट असतात."

ओठ जुळत नाहीत म्हणून. काका ओठ वाचत होते आणि ते त्यांना स्वतःलाही माहीत नव्हतं. टीव्हीच्या फुटक्या आवाजातही बातम्या कळायच्या, कारण आवाज आणि ओठ बरोबर चालायचे. ब्लूटूथने नेमकी तीच काठी काढून घेतली, वर खर्जाने उरलंसुरलं झाकलं.

मी डॉक्टर नाही. तरी काकांच्या पाठीमागे उभा राहून साध्या आवाजात म्हटलं, "मी म्हणतो ते म्हणून दाखवा. सात." काका म्हणाले, "हात." "शाल." "चाल." "ताप." थोडं थांबून, "पाप?" स्वर सगळे अचूक, व्यंजनं हरवलेली. बोलण्याचा जोर असतो स्वरांत, पण शब्द वेगळा करतात ती व्यंजनं आणि 'स', 'श', 'त' यांचा जीव दोन हजार हर्ट्झच्या वर. वय झालं की आधी तिकडचंच जातं. काका उभा जन्म पिंपरीच्या एका कारखान्यात प्रेस शॉपला, म्हणजे पत्रा दाबणाऱ्या यंत्रांवर, होते. कानाला काही लावत होता का, विचारलं तर हसले. "तेव्हा कापूससुद्धा नव्हता." मोठ्या आवाजात वर्षं काढलेल्यांच्या कानाला बहुधा ४००० हर्ट्झच्या आसपास खड्डा पडतो, हे मी लाउडस्पीकरवाल्या मित्रांत पाहिलंय.

बारवर 'न्यूज' नावाचा मोड होता, तो लावला आणि ट्रेबल वर नेला. काका म्हणाले, "हां, आता बरं." काकूंनी कानावर हात ठेवला, "टोचतंय रे." एका खोलीत दोन माणसांना दोन वेगळे आवाज हवे असतील, तर एक साउंडबार काय करणार? मधोमध कुठेतरी ठेवून दिला. "एकदा कान तपासून घ्या," असं मी हळूच म्हटलं, त्यावर काका एकदम गप्प झाले. मग म्हणाले, "मला ऐकू येतं. तूच म्हणालास ना, वायर चुकीची होती." ते खरंही होतं, म्हणून मला पुढे बोलता येईना.

मुलाचा व्हिडिओ कॉल आला. "दादा, हा परत करून ५.१ घेऊ का? मागचे स्पीकर आले की क्लिअर होईल ना?" मी नको म्हटलं. आई-वडील बघतात ते बहुतेक सगळं दोन चॅनेलचंच, मागच्या स्पीकरांना दिवसभर काम नाही. त्याने आधी विचारलं असतं, तर मी याच पैशांत सबवूफर नसलेला, पण मधोमध बोलण्यासाठी वेगळा स्पीकर असलेला बार शोधला असता. २.१ मध्ये बोलणं डाव्या-उजव्या दोघांतून मिळून येतं, समोर बसलं तर ठीक, बाजूच्या खुर्चीवरून ते सरकतं. खोक्यावरच्या 'डॉल्बी'ने यात काही होत नाही, त्याचा अर्थ तो सिग्नल उलगडता येतो एवढाच. पण आता नीट लावलाय, वाजतोय, काकूंना आवडलाय. ठेवा. आणि उरलेले पैसे बाबांच्या ऑडिओग्रामला, म्हणजे कानाच्या तपासणीला. शेवटचं वाक्य मी जिन्यात येऊन बोललो.

खाली उतरताना वहिनींची बेल वाजवली. म्हणाल्या, दुपारनंतर काहीच जाणवलं नाही. रात्री दहानंतर पेटीचं बटण बंद करायचं, असं वरच्यांशी ठरलंय हे त्यांना सांगून टाकलं.

काकांनी तपासणी केली, मुलगा सुट्टीला आला तेव्हा. दोन्ही कानांची रेघ वरच्या सुरांकडे खाली घसरलेली आहे, यंत्र लावा असं सांगितलंय. लावायचं की नाही यावर घरात अजून वाद चालू आहे. काकांचं म्हणणं, बातम्या कळतात तेवढ्या पुरे. काकूंचं म्हणणं, "बातम्यांमधली बाई समोर तोंड करून बोलते. मी स्वयंपाकघरातून बोलते."