इन्फिनिटीला न पोचणारी लेन्स

"लेन्स गेली बहुतेक," म्हणत काकांनी २८ मिमीची जुनी मॅन्युअल लेन्स काउंटरवर ठेवली. माउंट (लेन्स कॅमेऱ्याला बसते तो जोड) निकॉन एफ, म्हणजे १९५९ पासूनचा. कॅमेरा मात्र नवा, निकॉनच्याच झेड माउंटचा मिररलेस, म्हणजे आत आरसा नसलेला. मध्ये दोन्ही जोडणारा साधा अडॅप्टर, आत ना काच ना वायर. जवळचा माणूस लख्ख येतो, मागचा डोंगर मात्र कायम धूसर, फोकसची रिंग इन्फिनिटीला, म्हणजे सगळ्यात दूरच्या खुणेला टेकवली तरी.

"याच अडॅप्टरवर माझी १३५ मिमीची लेन्स मस्त चालते," हे त्यांनी दोनदा सांगितलं आणि तिथेच मी फसलो. अडॅप्टर निर्दोष धरला. लेन्सच्या रिंगवरचं रबर काढलं, इन्फिनिटी स्टॉप (रिंग शेवटी जिथे अडते ती जागा) हलवायला स्क्रूड्रायव्हरही टेकवला. मग सुचलं, आधी फिल्म कॅमेऱ्यावर लावून बघू. कपाटातल्या जुन्या बॉडीवर तीच लेन्स दूरच्या टॉवरवर अचूक!

बारीक मापं घ्यायचा व्हर्नियर काढला. एफमध्ये माउंटपासून फिल्मपर्यंत ४६.५ मिमी, झेडमध्ये सेन्सरपर्यंत १६. म्हणजे अडॅप्टर ३०.५ जाड हवा. हा भरला ३०.६, म्हणजे लेन्स सेन्सरपासून जरा जास्तच लांब. नवल वाटलं, कारण स्वस्तातले अडॅप्टर सहसा किंचित पातळच असतात; रिंग इन्फिनिटीच्या थोडी पुढे जाते, काम अडत नाही.

आता ०.१ मिमीने एवढं काय बिघडतं? फोकल लेंग्थच्या (लेन्सचा मिमीचा आकडा) वर्गाला या चुकीने भागायचं. २८ ला उत्तर येतं जेमतेम ८ मीटर. फोकस त्यापलीकडे जाणारच नाही. १३५ ला तीच हद्द १८० मीटरच्या पुढे. काका तिने फक्त चेहरे टिपायचे, त्यांना कळणार कसं?

अडॅप्टरची पुढची रिंग उघडली तर खाली कागद! छान गोल कापलेला.

"रिंग जरा हलत होती हो, म्हणून मीच घातला," काका ओशाळले.

प्रिंटरचा साधा कागद साधारण ०.१ मिमीच असतो. रिंग हलत होती ती सैल स्क्रूंमुळे. कागद काढला, स्क्रू आवळले, चार ठिकाणी मापलं: ३०.५. गच्चीवरून २.८ अ‍ॅपर्चरवर, म्हणजे लेन्सचं छिद्र मोठं ठेवून फोटो काढला, तर टॉवरची पट्टी न् पट्टी दिसली. पैसे किती सांगावेत, माझाच घोळ झाला. काम कागद काढण्याचं, आणि मी निघालो होतो लेन्स उघडायला.

जाता जाता काकांनी पिशवीतून निकॉनची एक एएफ-डी, म्हणजे जुनी ऑटोफोकस लेन्स काढली. "ही निकॉनच्या एफटीझेड, म्हणजे एफ-ते-झेड अडॅप्टरवर बसते, पण ऑटोफोकस करत नाही. हिच्यातही कागद असेल का?"

"नाही काका. हिला स्वतःची मोटर नाही, जुन्या कॅमेऱ्यातली मोटर हिला फिरवायची. एफटीझेडमध्ये ती मोटरच नाही. हाताने फिरवा."

"मग मी काही घातलेलं नाही ना?" म्हणत त्यांनी ती परत पिशवीत ठेवली.