उःशाप नसलेला शिक्का

परवा भाचा जेवायला बसला, तर मानेवर निळ्या बॉलपेनने काढलेले तीन गलेलठ्ठ स्वल्पविराम. आई म्हणाली, "अगं बाई, काय चावलं रे?" तिचं चुकलं नव्हतं. 'नारुतो' या जपानी अ‍ॅनिमे मालिकेमध्ये ओरोचिमारू हा खलनायक सासुके नावाच्या पोराच्या मानेला चावतो आणि तिथे हीच खूण उमटते. जुइन. शापाचा शिक्का.

यातला 'इन' मजेदार आहे. जपानी माणूस करारावर सहीऐवजी उठवतो तो शिक्काही इन, आणि नारुतोतली पोरं जादू करण्याआधी भराभरा बोटं गुंफतात तेही इनच. बौद्ध तंत्रमार्गातल्या हस्तमुद्रांपासून आलेलं. आपल्या 'मुद्रा'सारखंच की! राजमुद्रा तीच, ज्ञानमुद्राही तीच. भाच्याला हे उत्साहाने सांगितलं. तो म्हणाला, "मामा, आमटी वाढ."

शाप आपल्याकडेही ढीगभर. पण आपले ऋषी जितके तापट तितकेच विरघळणारे, लगेच उःशाप देऊन मोकळे. अहल्येची शिळा झाली तरी सुटका कुणाच्या पायाने, हे ठरलेलं. जपानी कथांत तशी सोय कमीच. संकट मारता येत नाही, म्हणून ते कोंडायचं, बरणीला दादरा बांधावा तसा वर शिक्का मारायचा आणि आपण म्हातारं होऊन मरायचं. दादरा सैल झाला की पुढचे बघतील.

म्हणून तिथे एल्फ, म्हणजे शतकानुशतकं जगणारे लांब कानांचे काल्पनिक जीव लागतात, असं आपलं माझं मत. नुसते लांब कान मिरवायला नव्हे (ते कान 'लोडोस' या जुन्या मालिकेतल्या डीडलिट या एल्फपासून फारच लांबले, दारात अडकतील असे). दादरा कोणी, कधी, कशावर बांधला हे आठवणारं कुणीतरी हवं ना! 'फ्रीरेन' या मालिकेमध्ये क्वाल नावाचा राक्षस असाच बंद करून ठेवलेला. माणसं मारणारी त्याची जादू तेव्हा कुणालाच अडवता येत नव्हती. हजार वर्षांहून मोठी एल्फ फ्रीरेन 80 वर्षांनी त्याला सोडवून संपवायला येते, तोवर माणसांनी त्या जादूचा इतका अभ्यास केलेला असतो की तिला 'साधी हल्ल्याची जादू' म्हणतात. बिचारा क्वाल! आणि फ्रीरेनला तिथे कळतं, की तिचा माणूस सोबती हिमेल जिवंत होता तोवर जवळजवळ दरवर्षी शिक्का तपासायला यायचा. तिच्या लेखी 80 वर्षं म्हणजे दुपारची झोप. त्याचा त्यात जन्म गेला. तो भाग मी दोनदा पाहिला.

जपानमध्ये तोचिगीतल्या नासू इथे एक खरा दगड आहे, सेश्शोसेकी. नऊ शेपट्यांची कोल्हीण त्यात अडकली आहे, अशी दंतकथा. मार्च 2022 मध्ये तो दुभंगला, भोवतीचा दोर खाली पडला.

"मग कोल्हीण गेली कुठे?" भाच्याने विचारलं.

"भेगेत पाणी शिरलं असेल, गोठलं असेल..."

त्याचं लक्ष नव्हतं. माझं मनगट धरून तो नवा शिक्का उठवत होता. या वेळी हातात न पुसणारा मार्कर होता, हे मला तिसऱ्या स्वल्पविरामाला कळलं.