फोम सेल तयार करताना गेलेले पाच महिने

पहिल्या खेपेला प्लेट मायक्रोस्कोपखाली ठेवली आणि जिकडेतिकडे लाल थेंब दिसले. मी तशीच धावत मॅडमना बोलवायला गेले. त्यांनी मिनिटभर पाहिलं आणि विचारलं, ‘‘कंट्रोल कसा दिसतोय?’’ कंट्रोलही तेवढाच लाल होता. ज्या पेशींना मी चरबी दिलीच नव्हती, त्याही चरबीनं भरलेल्या. तीन आठवड्यांचं काम गेलं.

धमनीच्या भिंतीत एलडीएल, म्हणजे रक्तातून कोलेस्टेरॉल वाहून नेणारे कण, शिरतं, अडकून पडतं, त्याचं ऑक्सिडेशन होतं. ते उचलायला रक्तातल्या मोनोसाइट या पांढऱ्या पेशी भिंतीत उतरतात आणि तिथे त्यांच्या मॅक्रोफेज होतात. मॅक्रोफेजचं कामच गिळायचं. नको ते गिळून शरीर साफ ठेवणाऱ्या या पेशी एलडीएल मात्र गिळत राहतात आणि त्यांच्या पोटात कोलेस्टेरॉल साठत जातं. अशा फुगलेल्या पेशीला फोम सेल म्हणतात. त्या मला प्लेटमध्ये तयार करायच्या होत्या.

यासाठी बहुतेक लॅबमध्ये टीएचपी-१ पेशी वापरतात. १९७८ साली जपानमध्ये ल्युकेमिया (रक्ताचा कर्करोग) झालेल्या एक वर्षाच्या मुलाच्या रक्तातून त्या घेतल्या होत्या. त्यांच्याच वंशातल्या पेशी आज माझ्या फ्लास्कमध्ये वाढतात. हूडमध्ये फ्लास्क उघडताना मला दर वेळी तो मुलगा आठवतो. मीडियात, म्हणजे पेशी वाढवायच्या द्रवात, या पेशी गोल, सुट्या तरंगतात. पीएमए नावाचं रसायन दिलं की दोन-तीन दिवसांत तळाला चिकटतात, पसरतात, पाय फुटल्यासारख्या दिसायला लागतात. मोनोसाइटची मॅक्रोफेज झाली.

माझी पहिली चूक इथेच होती. पीएमए जास्त झालं होतं, त्यामुळे पेशी आधीच भडकलेल्या. त्यात मीडियात घालायचं सीरम (रक्तातला द्रव भाग) नेहमीचंच वापरलं, आणि त्या सीरममध्ये स्वतःचं लिपिड, म्हणजे चरबी, असतंच. शिवाय चरबी लाल रंगवणारा ऑइल रेड ओ हा रंग मी गाळून घेतला नव्हता, म्हणून त्याचे खडे प्लेटभर पसरले होते. निम्मे लाल ‘थेंब’ तर नुसते खडे होते. मग मी पीएमए कमी केलं, ते काढल्यावर पेशींना एक दिवस साध्या मीडियात विसावू दिलं, लिपोप्रोटीन (एलडीएलसारखे चरबी वाहणारे कण) काढलेलं सीरम मागवलं. रंगात पाणी मिसळून दहा मिनिटं थांबायचं, गाळायचं आणि लगेच वापरायचं, हेही अंगवळणी पाडून घेतलं.

दुसऱ्या खेपेला कंट्रोल स्वच्छ आला, पण बाकीच्या पेशींतही काही नव्हतं. मी साधं एलडीएल दिलं होतं. गोल्डस्टीन आणि ब्राउन या शास्त्रज्ञांच्या गटानं हे १९७९ मध्येच दाखवलंय, मी ते वाचलंही होतं. साधं एलडीएल ज्या रिसेप्टरनं (पेशीवरच्या पकडणाऱ्या प्रथिनानं) आत येतं, तो पोट भरलं की पेशी स्वतःच कमी करते. रूप बदललेलं एलडीएल मात्र स्कॅव्हेंजर रिसेप्टरमधून येतं, आणि ती वाट पोट भरलं तरी बंद होत नाही. या रोगाची सगळी मेख मला त्या एका वाटेत दिसते. वाचलेलं होतं ते रिकाम्या प्लेटकडे बघताना खऱ्या अर्थानं कळलं.

मग ऑक्सिडाइज्ड एलडीएल दिलं, मिलिलिटरला ५० मायक्रोग्रॅम, ४८ तास. पेशी कव्हरस्लिपवर, म्हणजे पातळ काचेवर, वाढवल्या होत्या. रंगवल्या, आणि हिस्टॉलॉजीच्या (ऊतींच्या स्लाइड बनवण्याच्या) सवयीनं अल्कोहोलमधून काढल्या. सगळा लाल रंग धुऊन गेला. चरबी विरघळली आणि पेशींत नुसती पोकळ भोकं उरली. सीनिअर ताई शेजारीच उभी होती. म्हणाली, ‘‘बघ, हाच तो फेस. नेहमीच्या स्लाइडवर असाच दिसतो, म्हणून फोम सेल.’’ प्रयोग वाया गेला, पण त्या नावाचा अर्थ मी आता विसरणार नाही.

चौथ्या खेपेला जमलं. मधोमध हेमॅटॉक्सिलीन या रंगानं निळं झालेलं केंद्रक आणि भोवती खच्चून भरलेले लाल थेंब. मी सांगोल्याची. मला उकललेलं डाळिंबच आठवलं. शेजारच्या कंट्रोलमध्ये निळं केंद्रक आणि बाकी स्वच्छ. मॅडमनी या वेळी कंट्रोल आधी पाहिला, मग दुसरी प्लेट, आणि ‘‘फोटो काढून ठेव,’’ एवढंच म्हणाल्या.

एक प्लेट मी मुद्दाम आणखी दोन दिवस ठेवली. त्यात कित्येक पेशी मेल्या होत्या, फुटल्या होत्या, त्यांची चरबी बाहेर सांडली होती. खरं तर मेलेली पेशी शेजारच्या मॅक्रोफेजनं गिळायची असते. पण शेजारणींचीही पोटं भरलेली. धमनीच्या भिंतीत साठणाऱ्या थराचा, म्हणजे प्लाकचा, मऊ गाभा असाच साचत जातो. त्यावरचं तंतूंचं झाकण मॅक्रोफेजच आपल्या एन्झाइमनी झिजवतात, आणि ते फाटलं की गुठळी होऊन झटका येतो. यात दाहाचा वाटा केवढा, ते २०१७ च्या कँटॉस चाचणीत दिसलं. हार्ट अटॅक येऊन गेलेल्या दहा हजारांवर रुग्णांमध्ये कोलेस्टेरॉलला हात न लावता इंटरल्यूकिन-१ बीटा हा दाहाचा निरोप अडवला, तर १५० मिलिग्रॅमच्या डोसला पुन्हा झटका, पक्षाघात किंवा हृदयविकारानं मृत्यू यांचं एकत्रित प्रमाण १५ टक्क्यांनी घटलं. मात्र त्या औषधानं जंतुसंसर्गाचे मृत्यू वाढले. या पेशींना नुसतं गप्प करून भागणार नाही.

दिवाळीला घरी गेले तेव्हा अण्णांना मोबाइलवर फोटो दाखवला. त्यांना दोन वर्षांपूर्वी स्टेंट बसवलाय. पाइपात गाळ बसतो तसं काहीतरी होतं, असंच त्यांच्या डोक्यात होतं. त्यांनी चष्मा लावून बराच वेळ बघितलं. ‘‘ह्या आपल्याच पेशी?’’

‘‘आपल्याच.’’

‘‘साफ करायला आलेल्या?’’

‘‘हो.’’

‘‘मग त्यांच्या पोटातलं काढता येत नाही काय गं?’’

पेशीच्या पापुद्र्यावर एबीसीए-१ नावाचं एक दार असतं. त्यातून कोलेस्टेरॉल बाहेर पडतं आणि एचडीएलचं (‘चांगल्या’ कोलेस्टेरॉलच्या कणांचं) मुख्य प्रथिन, अपोए-१, ते उचलून नेतं. परत आल्यावर मी प्लेटमधले सहा वेल (खळगे) फोम सेलचे केले. तिघांत अपोए-१ घातलंय, तिघांत नाही. उद्या सकाळी रंगवायचे आहेत.