ऐकीव आणि ऐकलेलं: अल्बमवरच्या पुस्तकांची वही, अकरावं पुस्तक संपलं

वर्षभरात चोवीस पुस्तकं, असा पण केला होता. आठ महिने सरले आणि गाडी अकरावर आहे. संकल्प मोडणार हे उघड आहे. त्यात दोष वाचण्याचा नाही, ऐकण्याचा आहे. शंभर-सव्वाशे पानांचं खिशात मावणारं पुस्तक दोन बैठकांत संपतं, पण त्यातला अल्बम दोन-तीन आठवडे मानगुटीवरून उतरत नाही.

नव्याने येणाऱ्यांसाठी थोडक्यात. एका अल्बमवर एक छोटेखानी पुस्तक, अशी ‘थर्टी-थ्री अँड अ थर्ड’ नावाची मालिका आहे. नाव एलपी, म्हणजे मोठी तबकडी, मिनिटाला किती फेरे घेते त्यावरून. २००३ साली डेव्हिड बार्कर या संपादकाने ती सुरू केली, आधी कंटिन्युअमकडून निघायची, पुढे ब्लूम्सबरीकडे गेली. आज तिच्यात दीडशेच्या वर पुस्तकं आहेत. मी त्यातली ऑल्टरनेटिव्ह रॉकची, म्हणजे मुख्य प्रवाहाबाहेरच्या रॉकची, तेवढी घेतो आहे, त्यातही ज्या अल्बमभोवती भक्तमंडळी जमली आहेत अशी. भक्त म्हणजे तुम्ही-आम्हीच.

पद्धत अशी: पुस्तक उघडण्याआधी अल्बम एकदा सलग ऐकायचा, वाचताना अडेल तिथे थांबून ऐकायचा, आणि पुस्तक मिटल्यावर पुन्हा सलग. वहीच्या डाव्या पानावर ‘ऐकीव’, म्हणजे आपण सगळे एकमेकांना सांगतो त्या गोष्टी. उजव्या पानावर ‘ऐकलेलं’, म्हणजे माझ्या कानाला खरोखर काय लागलं ते. सुरुवातीला गंमत म्हणून केलं होतं. आता पुस्तक चांगलं की वाईट हे मी त्या दोन पानांवरूनच ठरवतो.

पहिलं: ‘द वेल्वेट अंडरग्राउंड अँड निको’

डावं पान पुस्तक उघडायच्या आधीच भरलं. पहिली ओळ अर्थातच ती: रेकॉर्ड हजार लोकांनी घेतली आणि त्या प्रत्येकाने बँड काढला. हे वाक्य संगीतकार ब्रायन इनोच्या नावावर खपतं. इनो १९८२ सालच्या मुलाखतीत तसं म्हणालाही होता, पण वेल्वेटच्या लू रीडचा हवाला देऊन त्याने आकडा सांगितला होता पहिल्या पाच वर्षांत तीस हजारांचा. तोंडोतोंडी तो हजारावर आला, कारण हजार म्हटलं की गोष्ट जास्त छान होते. आणि रॉयल्टीच्या एका जुन्या पत्रकात तर फेब्रुवारी १९६९ पर्यंतच ५८,४७६ प्रती गेल्याची नोंद आहे. म्हणजे कुणालाच ठाऊक नसलेली रेकॉर्ड ही आपली लाडकी कल्पना तिथेच जरा खचते. जो हार्वर्डचं पुस्तक चांगलं आहे, पण खरं सांगायचं तर माझं लक्ष या आकड्यांतच अडकून राहिलं.

दुसरं आणि तिसरं

ख्रिस ऑटचं, जॉय डिव्हिजन या बँडच्या ‘अननोन प्लेझर्स’वरचं. हा अल्बम मी वीसेक वर्षं ऐकतो आहे, त्यामुळे नवीन काय मिळणार अशा गुर्मीत बसलो होतो. मग स्टॉकपोर्टच्या स्ट्रॉबेरी स्टुडिओत निर्माता मार्टिन हॅनेटने काय काय केलं ते वाचलं आणि ‘इनसाइट’ पुन्हा लावलं. सुरुवातीला गाण्याच्या आधी जो यंत्राचा घरघराट येतो, तो स्टुडिओतल्या लिफ्टचा आहे. वीस वर्षं मी त्याला सिंथेसायझर समजत होतो. ‘आय रिमेम्बर नथिंग’मध्ये फुटणारी काच निदान काच म्हणून तरी ओळखली होती.

मुखपृष्ठाबद्दलही डाव्या पानावर बरंच होतं: डोंगर, हृदयाचे ठोके, कुणाच्या तरी आवाजाचा आलेख. खरं तर ते सीपी १९१९ या पल्सारचे, म्हणजे ठरावीक ठेक्यात रेडिओ लहरी पाठवणाऱ्या ताऱ्याचे, एकापाठोपाठ एक नोंदवलेले स्पंद आहेत, दर १.३३७ सेकंदांनी एक. अरेसिबोच्या रेडिओ दुर्बिणीवरच्या नोंदींवरून हॅरोल्ड क्राफ्टने १९७० साली आपल्या प्रबंधात तो आलेख दिला, तिथून तो एका खगोलशास्त्राच्या ज्ञानकोशात गेला आणि तिथे बँडच्या बर्नार्ड सम्नरला सापडला. मुखपृष्ठ करणाऱ्या पीटर सॅव्हिलने पांढऱ्यावरचं काळं उलटं करून काळ्यावरचं पांढरं केलं. आता तो टी-शर्ट घालणाऱ्यांत अल्बम ऐकलेले किती, हा प्रश्न मी विचारणं सोडून दिलं आहे. पल्सार ठाऊक असलेला तरी कुठे रोज भेटतो?

तिसरं बेन सिसारिओचं, पिक्सीजच्या ‘डूलिटल’वरचं. मजेत वाचलं, मजेत ऐकलं, वहीत अर्धं पान. पुढे चला.

चौथं आणि पाचवं: माझा हट्ट मोडला

या मालिकेत काही लेखक अल्बमबद्दल लिहीतच नाहीत. जो पर्नीसने द स्मिथ्सच्या ‘मीट इज मर्डर’वर चक्क लघुकादंबरी लिहिली आहे, कॅथलिक शाळेतल्या मुलाची. कॉलिन मेलॉयने द रिप्लेसमेंट्सच्या ‘लेट इट बी’च्या निमित्ताने मोंटानातलं आपलं बालपण सांगितलं आहे. पर्नीस वाचताना मी चिडलो होतो. ऐकीव पान कोरं, ऐकलेलं पान कोरं, मग वहीत लिहू काय? मेलॉयच्या वेळी राग उतरला. गावात आपल्यासारखं ऐकणारं दुसरं कुणी नाही आणि एक कॅसेट घासून घासून पातळ होते, हा अनुभव स्टुडिओच्या तपशिलांत सापडत नाही. पंथ तयार कसा होतो हे त्याच्या पुस्तकातून जास्त कळलं. तरीही माझं मत नोंदवून ठेवतो: मालिकेत अशी दहातली दोन पुरेत. स्वतःचं पौगंड सगळ्यांनाच प्रिय असतं.

सहावं: ‘रेडिओ सिटी’

हा अल्बम करणारी बिग स्टार ही बँड म्हणजे पंथाचं आद्यपीठ. मेम्फिस, आर्डेंट स्टुडिओ, १९७४. समीक्षक वेडे झाले होते, गिऱ्हाइकाला दुकानात रेकॉर्डच मिळत नव्हती. कारण कलेचं नाही, वितरणाचं: स्टॅक्स या रेकॉर्ड कंपनीने आपला माल पोचवायचं काम कोलंबिया या मोठ्या कंपनीकडे दिलं होतं, आणि त्या दोघांचं बिनसल्यावर मधल्यामध्ये या पोरांच्या रेकॉर्डी कुजल्या. ‘काळाच्या पुढे होते’ हे वाक्य मी डाव्या पानावर लिहिलं होतं, ते खोडलं. काळाच्या पुढे वगैरे काही नाही, खोकी गोदामाच्या बाहेर पडली नाहीत.

ब्रूस ईटनने हे पुस्तक २००९ साली आणलं, बँडमधल्या लोकांशी बोलून. पुढच्या मार्चमध्ये अ‍ॅलेक्स चिल्टन गेला, जुलैमध्ये अँडी हमेल. त्या तिघांपैकी आज एकटा जोडी स्टीफन्स आहे. पुस्तकात ते ध्वनीबद्दल, माइक कुठे ठेवला त्याबद्दल निवांत बोलतात, आणि वाचताना आपल्याला तारखा माहीत असतात.

सातवं: ‘स्पायडरलँड’

या नोंदीचा खरा नायक हा. लुईव्हिलची विशीतली चार पोरं, ऑगस्ट १९९० मध्ये शिकागोच्या स्टुडिओत चार दिवस, सहा गाणी. मार्च १९९१ मध्ये टच अँड गो या कंपनीने अल्बम काढला तोवर स्लिंट ही बँडच उरली नव्हती. दौरा नाही, मुलाखती नाहीत. मुखपृष्ठावर खाणीच्या पाण्यातून वर आलेली चार डोकी, तेवढीच ओळख. (फोटो विल ओल्डहॅमने काढलेला.) इतकी मोकळी जागा सोडली की लोक ती भरणारच. माझ्या डाव्या पानावर सर्वांत वर होतं: हा अल्बम करताना पोरं वेडी झाली, इस्पितळात भरती झाली.

स्कॉट टेनंटने हे सगळं शांतपणे सोडवलं आहे. तो दंतकथेची टर उडवत नाही आणि तिच्या प्रेमातही पडत नाही, त्यामुळे पुस्तकातली पोरं पछाडलेली वाटत नाहीत. ती भरपूर सराव करणारी, एकमेकांची टिंगल करणारी, आणि एकेका तुकड्यावर महिनोन्‌महिने काम केलेली पोरं आहेत. मला हे जास्त भीतिदायक वाटलं. वेडाच्या भरात असं काही घडलं असतं तर समजू शकलो असतो. इथे सगळं मोजूनमापून आहे.

पुस्तक मिटून ‘गुड मॉर्निंग, कॅप्टन’ ऐकलं. उजव्या पानावर लिहिलं ते असं: गिटारचे तेच दोन-तीन सूर, ढोल एकदम कोरडा, माणूस पुटपुटतो, शब्द कळायला कान पुढे करावा लागतो. आपण कान पुढे करतो, आणखी पुढे करतो, आणि शेवटी तो ओरडतो तेव्हा आपण फारच जवळ गेलेलो असतो. इतकी वर्षं मी त्या ओरडण्याबद्दल बोलत होतो. खरं काम त्या पुटपुटण्याचं आहे.

आठवं आणि नववं: अल्बिनी सगळीकडे

गिलियन गारचं, निर्वाणाच्या ‘इन युटेरो’वरचं पुस्तक आणि मालिकेबाहेरचं, पण नकाशासारखं सतत शेजारी ठेवलेलं मायकल अझेराडचं ‘अवर बँड कुड बी युअर लाइफ’. त्यात १९८१ ते १९९१ मधल्या तेरा अमेरिकन बँड आहेत, आणि बँड मोठ्या कंपनीकडे गेली की अझेराड तिची गोष्ट थांबवतो. हा नियम मला फार आवडतो.

या दोन्ही पुस्तकांनी एक गोष्ट ध्यानात आणून दिली. बँडची रेकॉर्डिंगं करणारा स्टीव्ह अल्बिनी माझ्या वहीत पाचव्यांदा आला होता. अझेराडच्या पुस्तकात तो बिग ब्लॅक या बँडचा गिटारवाला. पिक्सीजचा ‘डूलिटल’च्या आधीचा अल्बम त्याने रेकॉर्ड केलेला, स्लिंटचा पहिला अल्बमही त्यानेच, ‘स्पायडरलँड’ला दहा तारे देणारं परीक्षणही त्याचंच, आणि ‘इन युटेरो’च्या रेकॉर्डिंगच्या टेबलावर पुन्हा तोच. निर्वाणाकडून त्याने एकरकमी मेहनताना घेतला, रॉयल्टी नाकारली; प्लंबरसारखे पैसे द्या, असं पत्रात लिहून. २०२४ च्या मे महिन्यात तो गेला. त्या आठवड्यात वही उघडली नाही, नुसतं ऐकलं.

दहावं: ‘इन दि एरोप्लेन ओव्हर द सी’

किम कूपरचं पुस्तक, २००५. या मालिकेतल्या सर्वांत गाजलेल्यांपैकी एक. न्यूट्रल मिल्क हॉटेल या बँडचा जेफ मँगम १९९८ च्या या अल्बमनंतर गप्प झाला आणि त्या गप्पपणाचंच देऊळ झालं. कूपर देवळात शिरतच नाही. ती एलिफंट सिक्स या नावाने एकत्र आलेल्या वादक मित्रमंडळींची खोल्या वाटून घेऊन राहण्याची, रात्री-अपरात्री कॅसेटवर काही तरी टेप करण्याची गोष्ट सांगते. रडवेला करवतीचा सूर ज्युलियन कोस्टरचा, ब्रासवाला स्कॉट स्पिलेन, डेन्व्हरमध्ये टेबलावर रॉबर्ट श्नायडर. जी भाजलेली, फाटलेली गिटार आपण इलेक्ट्रिक समजतो ती साधी ॲकूस्टिक आहे, मुद्दाम चढ्या आवाजात यंत्रात घुसवलेली. डाव्या पानावरचा एकाकी साधू उजव्या पानावर उतरेपर्यंत घरभर माणसं झाली होती.

अकरावं: ‘लव्हलेस’, आणि माझी फजिती

माय ब्लडी व्हॅलेंटाइन या बँडच्या अल्बमवरचं माइक मॅकगोनिगलचं पुस्तक हातात घेण्याआधी डाव्या पानावर जागा उरली नव्हती: एकोणीस स्टुडिओ, दोन वर्षं, अडीच लाख पौंड (बँडचा म्होरक्या केविन शिल्ड्सला हा आकडा कधीच मान्य झाला नाही), शेकडो गिटारींचे थर. शिल्ड्सचं म्हणणं असं की थर लोकांना वाटतात त्याच्या मानाने फारच थोडे आहेत. करामत गिटारवरच्या, सूर खाली-वर करणाऱ्या ट्रेमोलोच्या दांडीची आहे, ती हातात धरूनच तार छेडत राहायची, म्हणजे सबंध कॉर्ड किंचित वर-खाली झुलत राहतो. मित्राची गिटार उसनी आणून करून पाहिलं. पाच मिनिटांत मनगट गेलं, दहाव्या मिनिटाला ट्यूनिंग गेलं. पण मधे एक दोन सेकंद ते झुलणं साधलं, आणि पोटात खड्डा पडल्यासारखं झालं.

आता फजिती. ऐकण्याच्या तिन्ही फेऱ्या झाल्या, उजवं पान मोठ्या अभिमानाने भरलं: ध्वनी कसा भिंतीसारखा समोर उभा राहतो, वगैरे. चौथ्या दिवशी फोन आला, हेडफोन काढताना वायर हलली आणि उजव्या कानात अचानक आवाज आला. म्हणजे चार दिवस तो बंद होता. ‘लव्हलेस’चं रहस्य मी डाव्या एका कानाने उलगडलं होतं.

शरमेने पुन्हा पहिल्यापासून ऐकायला बसलो, नोंदी खोडायची तयारी ठेवून. पेन फारसं उचलावं लागलं नाही. मग शिल्ड्सचं एक जुनं बोलणं आठवलं: गिटार बरोब्बर मध्यभागी, अल्बम जवळजवळ मोनोच, म्हणजे दोन्ही कानांत जवळपास तोच आवाज. वायरला चिकटपट्टी लावली आहे. त्या पानाच्या माथ्यावर ‘उजवा कान बंद’ एवढंच लिहून बारावं पुस्तक काढलं, सॉनिक यूथ या बँडच्या ‘डेड्रीम नेशन’वरचं. दोन रेकॉर्डींचा अल्बम, सत्तर मिनिटं. या महिन्यात तेरावं होत नाही.